खो, दाखला आणि खंडपीठ

२०१८ च्या मे महिन्यात आमच्या जिल्हा परिषदेच्या ऑनलाइन बदल्यांची यादी आली, आणि माझ्या नावापुढे जी शाळा दिसली ती मी भरलेल्या वीस पसंतिक्रमांत कुठेच नव्हती. शिक्षकांच्या भाषेत मी ‘विस्थापित’ झाले होते. ज्यांच्या घरात कुणी गुरुजी-बाई नाहीत त्यांच्यासाठी ही भानगड आधी सांगते, नाहीतर पुढचं काही कळायचं नाही.

ग्रामविकास विभागाने २७ फेब्रुवारी २०१७ ला शासन निर्णय काढून जिल्हांतर्गत बदल्या संगणकावर आणल्या. त्याआधी समुपदेशन व्हायचं, म्हणजे शिक्षकांना समोर बोलावून शाळा निवडायला लावायचे. कोण कुणाच्या गाडीत बसून आला, यावर बरंच काही ठरायचं. त्या मानाने संगणक बरा, हे मी आजही म्हणते. नव्या पद्धतीत शाळांचे दोन भाग झाले, सर्वसाधारण क्षेत्र आणि अवघड क्षेत्र. शिक्षकांचे गट पडले. संवर्ग एकमध्ये दिव्यांग, गंभीर आजारी, विधवा, त्रेपन्न वर्षांवरचे. संवर्ग दोनमध्ये पती-पत्नी एकत्रीकरण, म्हणजे दोघंही नोकरीत आणि दोघांच्या कामाच्या ठिकाणांत ३० किलोमीटरपेक्षा जास्त अंतर. मग अवघड क्षेत्रात सलग तीन वर्षं काढलेले बदली अधिकारप्राप्त. आणि सगळ्यात खाली आम्ही बदलीपात्र, म्हणजे सर्वसाधारण क्षेत्रात दहा वर्षं काढून ‘आता उठा’ म्हणण्यासारखे झालेले. वरच्या गटातल्या कुणी आमची शाळा मागितली की आम्हाला खो बसायचा. खो बसलेल्याने वीस शाळा भरायच्या, त्यांपैकी एकही मिळाली नाही की शेवटच्या फेरीत उरलीसुरली जागा.

मला खो देणाऱ्या मॅडम माझ्या ओळखीच्या होत्या. तालुक्याच्या प्रशिक्षणात आम्ही एका बाकावर बसलेल्या. त्या संवर्ग दोनमधून आल्या होत्या. त्यांचे मिस्टर दुसऱ्या तालुक्यात प्राथमिक शिक्षक. दोघांच्या शाळांत ३१.४ किलोमीटर अंतर आहे, असा बांधकाम उपविभागाचा दाखला त्यांनी जोडला होता. हा आकडा मला आमच्या केंद्रातल्या एका सरांनी सांगितला. ऐकल्याबरोबर मला तो रस्ता आठवला. एक रस्ता राज्य महामार्गाने फिरून जातो. दुसरा नदीवरच्या पुलावरून, दोन वाड्यांमधून जातो आणि प्रशिक्षणाला आम्ही सगळे त्याच रस्त्याने जायचो. त्या रस्त्याने अंतर तीसच्या आत भरायला हवं होतं.

इथे एक गोष्ट बोलून टाकते. माझा नवरा शेती करतो. माझी नवी शाळा आमच्या घरापासून बासष्ट किलोमीटरवर होती. पण नवरा शेतकरी असला की त्याच्यापासूनचं अंतर मोजायला रकानाच नाही. धोरण लिहिणाऱ्यांच्या डोळ्यांसमोर कुटुंब म्हणजे दोन पगारपत्रकं असावीत. मॅडमचा मला राग नव्हता, असं मी म्हणणार नाही. होता. पण त्याहून जास्त राग या रकान्याचा होता आणि त्यावर दाद मागायला जागाच नव्हती.

यादी आली त्या रात्रीपासून व्हॉट्सअ‍ॅपवर नुसता गोंधळ. ‘स्टे आला’, ‘प्रक्रिया रद्द’, ‘खंडपीठाचा दणका’. असले निरोप दिवसाला चार यायचे आणि प्रत्येकाखाली कुठल्या तरी भलत्याच जिल्ह्याच्या आदेशाचा अर्धवट फोटो. त्यात सगळ्यात धोकादायक निरोप म्हणजे ‘कुणीही रुजू होऊ नका, रुजू झालात की केस गेली’. आमच्या तालुक्यातल्या काही जणांनी तो खरा मानला. एकतर्फी कार्यमुक्तीचे आदेश निघाले होते, त्यामुळे जुन्या शाळेत सही करता येत नव्हती आणि नव्या शाळेत ते गेले नाहीत. जूनचा पगार थांबला, मग जुलैचा. वर नोटिसा आल्या.

मी वकिलांकडे गेले तेव्हा पहिला प्रश्न हाच विचारला. वकीलसाहेब म्हणाले, “ताई, आधी रुजू व्हा. अर्जात एक ओळ लिहा, हक्क राखून आणि आक्षेप कायम ठेवून रुजू होत आहे. मग भांडू.” सर्वोच्च न्यायालयाने १९८९ मध्येच गुजरात विद्युत मंडळाच्या एका प्रकरणात सांगून ठेवलंय, की बदलीचा आदेश आला की एकतर तो पाळा, नाहीतर त्यावर स्थगिती आणा, नुसतं निवेदन देऊन घरी बसाल तर शिस्तभंगाची कारवाई ओढवून घ्याल. ते प्रकरण त्यांनी कपाटातून काढून समोर ठेवलं. मी दुसऱ्या दिवशी जाऊन रुजू झाले. मुख्याध्यापकांनी अर्जातली ती ओळ दोनदा वाचली, आवक क्रमांक टाकला आणि म्हणाले, “बाई, लिहा काय लिहायचं ते, मला दुसरी-चौथीला माणूस पाहिजे.”

वकिलांकडे मी एक जाडजूड प्रिंट घेऊन गेले होते, २००५ चा महाराष्ट्राचा बदल्यांचा कायदा. त्यात तीन वर्षांचा कालावधी, मुदतपूर्व बदली, सगळं व्यवस्थित लिहिलेलं आहे आणि मला वाटलं होतं हेच आपलं शस्त्र. ते त्यांनी बाजूला सरकवलं. हा कायदा राज्य शासनाच्या कर्मचाऱ्यांसाठी. जिल्हा परिषदेचा शिक्षक त्यात बसत नाही. त्याच कारणाने आपल्याला मॅटमध्ये, म्हणजे प्रशासकीय न्यायाधिकरणातही जाता येत नाही. आपल्याला राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खाली थेट उच्च न्यायालय. मराठवाड्याचे जिल्हे आणि शिवाय अहमदनगर, जळगाव, धुळे, नंदुरबार, या सगळ्यांसाठी औरंगाबाद खंडपीठ. तेव्हा शहराचं नाव औरंगाबादच होतं.

मग त्यांनी मला दोन निकाल समजावून सांगितले. तो अर्धा तास मला आजही जसाच्या तसा आठवतो, कारण त्या अर्ध्या तासात माझी निम्मी हवा गेली.

पहिला, १९९१ चा शिल्पी बोस विरुद्ध बिहार राज्य. प्राथमिक शाळेतल्या शिक्षिका. नवरा जिथे नोकरीला तिथे त्यांच्या विनंतीवरून त्यांची बदली झाली. त्यांच्यामुळे ज्या शिक्षकांना उठावं लागलं, ते उच्च न्यायालयात गेले आणि जिंकले. शिक्षिका सर्वोच्च न्यायालयात गेल्या आणि तिथे निकाल उलटला. मी ऐकतच राहिले. हे तर माझंच प्रकरण, आणि त्यात मी ज्या बाजूला उभी आहे ती बाजू हरलेली. न्यायालयाचं म्हणणं असं, की बदलीच्या नोकरीत एका जागी राहण्याचा हक्क कुणालाच नसतो. सक्तीच्या वैधानिक नियमाचा भंग झाला असेल किंवा दुष्ट हेतू असेल तरच हात घालायचा. कार्यकारी सूचना मोडल्या गेल्या असतील तर वरिष्ठ अधिकाऱ्यांकडे दाद मागा.

दुसरा, १९९३ चा भारत सरकार विरुद्ध एस. एल. अब्बास. वनस्पती सर्वेक्षण विभागातला कर्मचारी, शिलाँगहून पौडीला बदली. बायको शिलाँगला नोकरीला, मुलं तिथे शाळेत. पती-पत्नीला शक्यतो एकत्र ठेवावं हे मार्गदर्शक तत्त्व आहे, अधिकाऱ्याने ते ध्यानात घ्यावं, पण त्यातून कर्मचाऱ्याला कायद्याने बजावता येईल असा हक्क मिळत नाही, असा तो निकाल.

“मग मी इथे बसलेय कशाला?” मी विचारलं.

“कारण तुम्ही जागा मागणार नाही आहात,” वकीलसाहेब म्हणाले. “तुम्ही म्हणणार, शासनाने स्वतः नियम केला, त्याचं निकष-अंतर तीस किलोमीटर, आणि ते अंतर न तपासता मला उठवलं. तपासा, एवढंच मागायचं. न्यायालय तुम्हाला शाळा देणार नाही. कुणाला तरी फाइल उघडायला लावेल.”

त्याच सुमारास आमच्या संघटनेची एक सामूहिक याचिका तयार होत होती. वर्गणी गोळा झाली होती, साठेक नावं होती. मलाही त्यात नाव घाला म्हणून फोन आले. वकिलांनी नको म्हटलं आणि ते योग्यच होतं. सामूहिक याचिकेत धोरणावरच हल्ला असतो. खो पद्धत अन्यायकारक आहे, अवघड क्षेत्राची यादी चुकीची आहे, वगैरे. धोरण ठरवणं शासनाचं काम म्हणून न्यायालय त्यात सहसा पडत नाही. आणि साठ जणांत एखाद्याच्या दाखल्यातला घोळ कुणाच्या लक्षात राहणार? शिवाय त्या साठांत तिघं-चौघं असे होते की ज्यांचं हित एकमेकांशी जुळतच नव्हतं. एकाचा खो रद्द झाला की दुसऱ्याला बसणार. संघटनेचे नेते मला म्हणाले, “मॅडमसुद्धा आपल्याच सभासद आहेत, आपसात कशाला?” त्यांची अडचण खरी होती. पण वर्गणी दोघींकडून घेतली होती.

आता पुरावा. दाखल्याचा आकडा मी ऐकला होता, दाखला पाहिला नव्हता. माहिती अधिकारात जोडपत्र ‘अ’ भरलं, दहा रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प लावला आणि पंचायत समितीत दिला. ‘माझं टेबल नाही’ ऐकत तीन टेबलं फिरून आस्थापनेच्या भाऊसाहेबांनी तो घेतला. तीस दिवस भरता भरता उत्तर आलं. माहिती त्रयस्थ व्यक्तीची व वैयक्तिक स्वरूपाची असल्याने कलम ८(१)(ञ) नुसार देता येत नाही. सरकारी कार्यालयाने सरकारी रस्त्याचं मोजलेलं अंतर वैयक्तिक कसं, हा प्रश्न मी प्रथम अपिलात जसाच्या तसा लिहिला. अपिलीय अधिकारी समजूतदार निघाले. पानाला दोन रुपये भरून दाखल्याची प्रत हातात पडली तेव्हा श्रावण सुरू झाला होता.

दाखला एका परिच्छेदाचा. अमुक गाव ते तमुक गाव हे अंतर राज्य महामार्गाने ३१.४ कि.मी. आहे. बस्स. ‘राज्य महामार्गाने’ हा शब्द त्यात होता, दुसऱ्या रस्त्याचा उल्लेख नव्हता. कुणी काही खोटं लिहिलं नव्हतं. विचारलेल्या रस्त्याचं अंतर दिलं होतं. जे लोक ऊठसूट ‘बोगस दाखला’ म्हणून ओरडतात त्यांना मी हे नेहमी सांगते. आमच्याकडे बोगस म्हणून गाजलेल्या दाखल्यांपैकी बरेच असे असतात. आकडा खरा, पण सोयीचा.

मुख्य कार्यकारी अधिकाऱ्यांना सविस्तर निवेदन दिलं, प्रत विभागीय आयुक्त कार्यालयाला. उत्तर नाही. स्मरणपत्र दिलं. त्यालाही नाही. वकीलसाहेबांना हेच हवं होतं. निवेदन देऊनही निर्णय नाही, ही याचिकेची पायरी. दरम्यान मी तारखांचा तक्ता करून ठेवला होता. उशीर का झाला, हा प्रश्न येणारच होता आणि माहिती अधिकाराच्या तारखा हेच त्याचं उत्तर होतं. ज्यांना कुणाला हे करायचंय त्यांनी प्रत्येक कागदावर आवक शिक्का आणि तारीख घेतल्याशिवाय कार्यालयाबाहेर पाऊल टाकू नये. माझी अर्धी याचिका शिक्क्यांवर उभी होती.

याचिका टाइप होऊन आली तेव्हा प्रतिवादींची नावं वाचली. एक, महाराष्ट्र शासन, सचिवांमार्फत. दोन, जिल्हा परिषद, मुख्य कार्यकारी अधिकाऱ्यांमार्फत. तीन, शिक्षणाधिकारी प्राथमिक. चार, मॅडम.

“त्यांचं नाव घालायलाच हवं का?”

“त्यांना न ऐकता त्यांच्याविरुद्ध आदेश होऊच शकत नाही. नाव नसेल तर पहिल्याच तारखेला याचिका पडेल.”

मी सही केली. बदलीच्या भांडणात शासन, जिल्हा परिषद ही सगळी नावापुरती असतात. त्यांच्या वकिलांना पगारी काम. खरी झळ चौथ्या क्रमांकाच्या माणसाला. त्या मॅडमनेही वकील केला, पैसे खर्च केले, शाळेतून रजा काढल्या. दोघींच्या मिळून ज्या रजा गेल्या त्या चार वर्गांच्या मुलांच्या होत्या.

नोटीस बजावायला वकिलांनी ‘हमदस्त’ची परवानगी मागितली होती, म्हणजे कोर्टाच्या बेलिफाची वाट न बघता पक्षकाराने स्वतः नोटीस पोहोचवायची. शासनाच्या आणि जिल्हा परिषदेच्या प्रती दिल्या. चौथी प्रत द्यायला मी स्वतः जाणार नाही, असं मी सांगितलं. पोस्टाने पाठवली. पोच आली, त्यावर मॅडमची सही होती, प्रशिक्षणाच्या हजेरीपत्रकावर असायची तीच, खाली रेघ मारलेली.

खंडपीठाचा अनुभव लोक फार रंगवून सांगतात. माझा सांगते. जालना रोडवर ती इमारत, बाहेर पार्किंगला जागा नाही. पहाटेची एसटी पकडून गेलं की दहाच्या सुमारास आत. याचिकेत कार्यालयाने काढलेल्या त्रुटी आधी दुरुस्त कराव्या लागतात. मग वकील सर्क्युलेशन मागतात, म्हणजे प्रकरण न्यायमूर्तींपुढे ठेवायची विनंती करतात, मग बोर्डवर, म्हणजे त्या दिवशीच्या प्रकरणांच्या यादीत, नाव लागतं. बोर्डवर लागलं म्हणजे त्या दिवशी निघेलच असं नाही. माझं प्रकरण एकदा बोर्डच्या शेपटाला होतं आणि वेळ संपली. सेवाविषयक याचिका दोन न्यायमूर्तींपुढे. आमच्या आधी एक जमिनीचं आणि एक जातवैधतेचं प्रकरण. जातवैधतेचं चाळीस मिनिटं चाललं. आमचं सहा-सात मिनिटं.

त्या सहा-सात मिनिटांत न्यायमूर्तींनी दोनच गोष्टी विचारल्या. याचिकाकर्ती रुजू झाली आहे का? झाली आहे. निवेदनावर निर्णय झाला आहे का? जिल्हा परिषदेच्या वकिलांनी कागद चाळले, सूचना घ्याव्या लागतील म्हणाले. मॅडमच्या वकिलांनी शिल्पी बोस वाचून दाखवायला सुरुवात केली. न्यायमूर्ती म्हणाले, ते आम्हाला माहीत आहे. आदेश झाला. मुख्य कार्यकारी अधिकाऱ्यांनी दोन्ही शिक्षिकांना सुनावणी देऊन सहा आठवड्यांत कारणांसह निर्णय घ्यावा, गुणवत्तेवर आम्ही काहीही मत दिलेलं नाही, सगळे मुद्दे खुले. याचिका निकाली.

बाहेर आल्यावर माझ्या भावाने विचारलं, जिंकलो का? वकीलसाहेब म्हणाले, “फाइल उघडली.”

वाट बघत बाकावर बसले होते तेव्हा शेजारी एक सर भेटले, खासगी संस्थेच्या हायस्कूलमधले. संस्थेने त्यांना एका शाळेतून आपल्याच दुसऱ्या शाळेत टाकलं होतं. त्यांचं दुखणं वेगळंच. खासगी शाळांसाठी १९७७ चा कायदा आणि १९८१ ची नियमावली आहे, शाळा न्यायाधिकरणही आहे. पण त्या कायद्याच्या कलम ९ खाली अपील कशाचं करता येतं? बडतर्फी, सेवेतून काढणं, सेवासमाप्ती, पदावनती, पदोन्नतीत डावलणं. बदली त्या यादीत नाही. त्यामुळे सरांना आधी हे पटवायचं होतं, की ही बदली नावाची, खरी पदावनती आहे. पर्यवेक्षक होते, नव्या शाळेत ते पद नव्हतं. शिवाय तीस दिवसांची मुदत. ती न्यायाधिकरणात की इथे, या गोंधळात निघून गेलेली. आमच्याकडे निदान जायचं कुठे हे तरी स्पष्ट होतं.

सुनावणी मुख्य कार्यकारी अधिकाऱ्यांच्या दालनात झाली. मॅडम आणि त्यांचे मिस्टर समोरच्या खुर्च्यांवर. आम्ही एकमेकींना नमस्कार केला. साहेबांनी दोन्ही बाजू ऐकल्या, गूगल नकाशे दोन्हीकडून पुढे झाले. दोन फोनवर दोन आकडे. साहेब वैतागून म्हणाले, “फोन ठेवा. मोजून या.”

मग जी मोजणी झाली तिच्याइतकं काटेकोर काम मी जिल्हा परिषदेत एवढ्या वर्षांत पाहिलेलं नाही. शाखा अभियंता, शिक्षण विस्तार अधिकारी, जीपचा चालक, आम्ही दोघी आणि मॅडमचे मिस्टर. मॅडमच्या आधीच्या शाळेपासून निघायचं. जीप फाटकापाशी उभी राहिली, अभियंत्याने मीटरचा आकडा वहीत लिहिला, सगळ्यांना वाकून बघायला लावला. जीप निघणार तेवढ्यात मॅडमचे मिस्टर म्हणाले, “थांबा. दाखल्यात गाव ते गाव लिहिलंय. शाळा गावाच्या बाहेर आहे. ग्रामपंचायतीपासून मोजा.” ग्रामपंचायत तिथून मागे सातशे-आठशे मीटरवर. मी म्हणाले, “नोकरी ग्रामपंचायतीत करता का? शाळेपासून मोजा.” विस्तार अधिकाऱ्यांनी शासन निर्णय काढला, चष्मा लावला, वाचला, परत घडी घातली. शेवटी दोन्ही आकडे घ्यायचे ठरलं.

वाटेत पुलावर अभियंत्याने गाडी थांबवली. कठडा एका बाजूने तुटलेला, खाली गढूळ पाण्याची खूण खांबावर चांगली वरपर्यंत चढलेली. त्याने खाली उतरून फोटो काढले, चालकाला विचारलं, “पावसाळ्यात किती दिवस बंद असतो?” चालक तिकडचाच. तो म्हणाला, “पाऊस लागला की बंदच समजा साहेब. यंदा दोनदा तर मोटारसायकल वाहून गेली.” मी त्याच्याकडे पाहिलं. तो माणूस कुणाच्याच बाजूने बोलत नव्हता, आणि त्या एका वाक्यात माझं प्रकरण गेलं, हे मला तिथेच कळलं.

शाळा ते शाळा, पुलावरून, २८.९. ग्रामपंचायत ते ग्रामपंचायत, त्याच रस्त्याने, ३०.२. पंचनामा जीपच्या बॉनेटवर लिहिला गेला. सह्या झाल्या. मॅडमने पर्समधून पाण्याची बाटली काढली, स्वतः प्यायल्या आणि माझ्यापुढे धरली. मी घेतली. परतीच्या रस्त्यावर आम्ही त्यांच्या मुलीच्या नवोदयच्या परीक्षेबद्दल बोललो.

निर्णय वेळेत आला आणि कारणांसह आला, त्याबद्दल तक्रार नाही. पुलावरचा रस्ता बारमाही नाही, त्यामुळे महामार्गाचं अंतर ग्राह्य धरणं वाजवी आहे, प्रतिवादी क्रमांक चार यांचा संवर्ग दोनचा दावा पात्र, निवेदन फेटाळण्यात येत आहे. शाळेपासून मोजायचं की गावापासून, या मुद्द्यावर ‘त्यात जाण्याची आवश्यकता नाही’ असं एक वाक्य.

प्रामाणिकपणे सांगायचं तर बारमाही रस्त्याचं कारण चुकीचं नव्हतं. मला पटलं नाही ते एवढंच, की हे कारण मे महिन्यात, मला उठवण्याआधी कुणीतरी लिहायला हवं होतं. आदेशानंतर शोधलेलं कारण आणि आदेशाआधी तपासलेलं कारण यांत फरक असतो. याच मुद्द्यावर दुसरी याचिका केली. नवरा म्हणाला, पुरे आता. भाऊ म्हणाला, एवढं केलंय तर कर. वकीलसाहेबांनी दुसऱ्या वेळी फी घेतली नाही, टायपिंगचे तेवढे घेतले. नोटीस निघाली, सगळ्यांची उत्तरं आली, मग तारखा पडत गेल्या. मग कोरोना आला आणि न्यायालयात तातडीच्या प्रकरणांपुढे आमच्या बदलीला कोण विचारतो.

नवी शाळा कशी होती, हे सांगायचं राहिलं. दोन शिक्षकी, चौथीपर्यंत, बहुतेक मुलं ऊसतोडणीला जाणाऱ्यांची. दिवाळीनंतर पट निम्म्यावर यायचा. हंगामी वसतिगृहाचा प्रस्ताव करणं, आजी-आजोबांना गाठून मुलं मागे ठेवायला लावणं हेच तिथलं मोठं काम. मी त्या गावात खोली केली, शनिवारी घरी यायचे. केस चालू आहे म्हणून मी तिथे पाहुण्यासारखी राहणार, असं मुख्याध्यापकांना वाटलं होतं, ते त्यांनी मला पुढे सांगितलं.

७ एप्रिल २०२१ ला नवं बदली धोरण आलं आणि त्यावरची प्रक्रिया २०२२ मध्ये सुरू झाली. अवघड क्षेत्रात सलग तीन वर्षं झालेली असल्याने मी आता बदली अधिकारप्राप्त. या वेळी तीस पसंतिक्रम. अकराव्या क्रमांकाची शाळा मिळाली, घरापासून सतरा किलोमीटर. ती जागा रिकामी नव्हती. तिथे एक बदलीपात्र सर होते, त्यांना माझा खो बसला. रुजू व्हायला गेले तेव्हा ते कार्यभाराच्या वह्या लावत बसले होते. शालेय पोषण आहाराची नोंदवही दाखवताना म्हणाले, “बाई, तुमची तीन वर्षं सलग आहेत ना? नाही, मी माहिती अधिकार टाकणार आहे.” मी म्हटलं, “जरूर टाका सर. नाकारला तर अपील करा.” सेवापुस्तकातल्या त्या पानाची झेरॉक्स मी त्यांना तिथेच दिली.

जुनी याचिका त्यानंतर बोर्डवर लागली. याचिकाकर्तीची दरम्यान तिच्या विनंतीनुसार बदली झाली असल्याने याचिका निरर्थक ठरली आहे, असं वकीलसाहेबांनी स्वतःच सांगितलं. आदेश तीन ओळींचा. तीस किलोमीटर शाळेपासून मोजायचे की ग्रामपंचायतीपासून, हे त्यातही कुठे आलेलं नाही.